लिली ब्रिजवरचा मैल आणि ‘हौशी’ कोणाला म्हणायचं?

पाऊलवाट

गेले काही महिने व्हिक्टोरिया राणीच्या काळातल्या मैदानी शर्यतींबद्दल हाती लागेल ते वाचतो आहे. वाचता वाचता एका शर्यतीपाशी येऊन थांबलो, ती डोक्यातून जाईना, म्हणून हा धागा.

२३ ऑगस्ट १८८६, सोमवार. पश्चिम लंडनमधलं लिली ब्रिज मैदान. वीस हजारांहून जास्त लोक जमलेले. एक मैलाची शर्यत आणि धावणारे दोघंच: इंग्लंडचा वॉल्टर जॉर्ज आणि स्कॉटलंडच्या पेझलीचा विल्यम कमिंग्ज. शेवटच्या फेरीपर्यंत कमिंग्ज सावलीसारखा मागे होता. मग त्याचे पाय गेले आणि तो कोसळला. जॉर्जने रेषा ओलांडली तेव्हा घड्याळात ४ मिनिटे पावणेतेरा सेकंद झाले होते. त्याहून वेगाने मैल धावायला जगाला २९ वर्षं लागली. १९१५ मध्ये अमेरिकेच्या नॉर्मन टेबरने ४ मिनिटे १२.६ सेकंदांची नोंद केली, म्हणजे सेकंदाचा जेमतेम सातवा हिस्सा कमी.

मला जास्त अडवलं ते याच्या मागच्या गोष्टीने. जॉर्ज वूस्टरला औषधांच्या दुकानात उमेदवारी करत होता. कोवळ्या वयातच त्याने आपण मैल ४ मिनिटे १२ सेकंदांत धावू असं सांगून टाकलं होतं आणि प्रत्येक पाव मैलाचा हिशोबही मांडला होता: ५९ सेकंद, २ मिनिटे २, ३ मिनिटे ८, ४ मिनिटे १२. लिली ब्रिजवर प्रत्यक्षात काय झालं बघा: सव्वाअठ्ठावन्न सेकंद, २ मिनिटे पावणेदोन, ३ मिनिटे पावणेआठ, ४ मिनिटे पावणेतेरा. कागदावर मांडलेला हिशोब इतक्या वर्षांनी पायांनी जवळजवळ जसाच्या तसा फेडला. हे वाचून मी पुस्तक मिटून थोडा वेळ नुसता बसून राहिलो.

पण ही शर्यत होण्यासाठी जॉर्जला आपलं हौशीपण सोडावं लागलं. १८८४ मध्ये त्याने बर्मिंगहॅमला ४ मिनिटे १८.४ सेकंदांचा हौशी विक्रम केला होता. कमिंग्जचा विक्रम १८८१ चा, ४ मिनिटे १६.२ सेकंदांचा, पण कमिंग्ज व्यावसायिक. दोघांची नोंद वेगळ्या वह्यांत, दोघांची मैदानं वेगळी, आणि दोघांनी समोरासमोर धावायला बंदी. जॉर्जने परवानगी मागितली होती, तिकिटांचे पैसे वूस्टरच्या रुग्णालयाला देण्याची तयारी दाखवली होती. नकार मिळाला. शेवटी १८८५ मध्ये तो व्यावसायिक झाला. त्या वर्षी दोघांच्या तीन शर्यती झाल्या: मैल जॉर्जने जिंकला, चार आणि दहा मैल कमिंग्जने. पुढच्या वर्षी पुन्हा मैल, तोच हा विक्रमाचा.

सगळ्यात वेगवान कोण, एवढंच त्याला कळून घ्यायचं होतं. त्यासाठी हौशी म्हणून असलेलं नाव कायमचं गमवावं लागावं, हा नियम मला मनापासून चुकीचा वाटतो. तुम्हाला काय वाटतं?

गोदाकाठ

सुंदर लिहिलंय. सेकंदांना ‘पावणेतेरा’ म्हणायचं मला कधी सुचलंच नव्हतं, आणि त्या काळी तर पाव सेकंदातही मोजत असत!

एक शंका. हा ‘हौशी’चा नियम नक्की काय होता? पैसे घ्यायचे नाहीत एवढाच?

पाऊलवाट

एवढाच असता तर धागा काढला नसता.

१८६६ मध्ये लंडनमध्ये अमॅच्युअर ॲथलेटिक क्लब निघाला. ऑक्सफर्ड-केंब्रिजची मंडळी आणि त्यांचे मित्र. पुढाकार जॉन चेंबर्सचा. हा माणूस अफाट होता. केंब्रिजचा नावाजलेला वल्हवणारा, क्वीन्सबरीच्या नावाने ओळखले जाणारे मुष्टियुद्धाचे नियम त्यानेच लिहिले, आणि क्लबच्या पहिल्याच स्पर्धेत, २३ मार्च १८६६ ला, सात मैल चालण्याची शर्यतही त्यानेच जिंकली. चाळिशीतच गेला.

या क्लबची हौशीची व्याख्या सुरू होते ‘जंटलमन’ या शब्दाने. त्याने कधी पैशासाठी स्पर्धा केलेली नसावी, व्यावसायिकाबरोबर बक्षिसासाठी उतरलेला नसावा, व्यायाम शिकवून पोट भरलेलं नसावं. इथवर ठीक. पुढचं वाक्य असं की तो मिस्त्री, कारागीर किंवा मजूर नसावा.

म्हणजे लोहाराने आयुष्यात एक पैसा बक्षीस घेतलेलं नसलं, फक्त आवडीपोटी धावला, तरी तो हौशी नाही. अंगमेहनतीमुळे या लोकांचे स्नायू आधीच कमावलेले असतात आणि त्याचा त्यांना गैरफायदा मिळतो, असं एक कारण तेव्हा दिलं जाई. दिवसाचे बारा तास घण मारून संध्याकाळी मैदानावर येणारा माणूस म्हणे ताजातवाना!

निळीशाई

हे वाचून पोटात ढवळलं. माझे आजोबा गिरणीत होते. रात्रपाळी करून सकाळी तालमीत जायचे. घामाने कमावलेलं अंग हाच अपात्र ठरवण्याचा मुद्दा होऊ शकतो, हे त्यांना सांगितलं असतं तर त्यांना ते समजलंच नसतं.

आपल्याकडे जत्रेच्या फडात पैलवान इनामाचा नारळ घेतो, रोख घेतो, चांदीची गदा घेतो. इनाम घेतलं म्हणून त्याची कुस्ती हलकी झाली असं गावात कोणी म्हणत नाही. आपला ‘हौशी’ शब्द हौसेवरून आला. त्यात माणूस कोणत्या घरातला, हा प्रश्नच नाही.

माळरान

थोडी दुसरी बाजू मांडतो. रागावू नका.

व्यावसायिक धावणं त्या काळी नेमकं कसं होतं हेही बघायला हवं. ते पैजेवर चालायचं. धावपटूच्या मागे पैसा लावणारे असत, खानावळवाले असत, पैज घेणारे सटोडिये असत. सवलतीच्या शर्यती फार. म्हणजे चांगला धावणारा मूळ रेषेवरून सुटणार आणि कमी दर्जाचा त्याच्यापुढे काही यार्डांवरून. एडिंबराची पॉवडरहॉलची नववर्षाची शर्यत १८७० पासून याच पद्धतीची. कल्पना चांगली, शेवटच्या क्षणापर्यंत चुरस राहते. पण मग जास्त सवलत मिळावी म्हणून लोक मुद्दाम हरायचे, खोट्या नावाने उतरायचे, आणि मोठ्या पैजेच्या दिवशी खरा वेग दाखवायचे.

आणि ज्या लिली ब्रिजची तुम्ही गोष्ट सांगितलीत, त्याचं पुढे काय झालं? जेमतेम वर्षभरानंतर, सप्टेंबर १८८७ मध्ये, तिथे हॅरी हचेन्स आणि हॅरी जेंट या दोन व्यावसायिकांची शर्यत ठरली होती. हचेन्स काही साधासुधा नव्हता, तीनशे यार्ड ३० सेकंदांत धावलेला माणूस. लोक पैसे भरून आत आले आणि शर्यत झालीच नाही. पैजेच्या भानगडीत दोन्ही धावपटू तिथून निघून गेले. चिडलेल्या जमावाने मैदान फोडलं, आग लावली. मैदान संपलं ते कायमचंच.

हौशी चळवळीने वर्गभेद केला हे मान्य, शंभर टक्के मान्य. पण मोजून आखलेली धावपट्टी, ठरलेली अंतरं, पंच, वर्षातून एकदा होणारं राष्ट्रीय अजिंक्यपद, हे सगळं त्यांनीच बसवलं. आज आपण जे ॲथलेटिक्स बघतो त्याचा सांगाडा तोच आहे.

पाऊलवाट

माळरान, रागावणार कशाला? हा मुद्दा यायलाच हवा होता. पैज आणि लबाडी होती, भरपूर होती. पण लबाडीवर उपाय म्हणून लबाडाला बाहेर काढतात. इथे गवंड्याला बाहेर काढलं, लबाडी केली की नाही हे न विचारता. माझं भांडण एवढ्याच जागी आहे.

(लिली ब्रिजबद्दल थोडं आणखी, फुटबॉलवाल्यांसाठी: एफए कप या इंग्लंडच्या फुटबॉल स्पर्धेचा १८७३ चा अंतिम सामना याच मैदानावर झाला होता. आणि जवळच लंडन ॲथलेटिक क्लबने १८७७ मध्ये शर्यतींसाठी दुसरं मैदान उघडलं, त्याचं नाव स्टॅमफर्ड ब्रिज. चेल्सी हा फुटबॉल क्लब तिथे आला तो १९०५ मध्ये. त्याआधी २८ वर्षं ते धावणाऱ्यांचं मैदान होतं.)

रानवारा

पण तो मजुरांवरचा नियम पुढे गेला ना?

पाऊलवाट

गेला. आणि गेला कसा, ते मला फार आवडतं, कारण ते भांडण वरवर बघता तारखेचं होतं.

जुन्या क्लबचं अजिंक्यपद वसंतात व्हायचं, ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या नौका शर्यतीला लागून. विद्यापीठातल्या मुलांना ते सोयीचं. पण दुकानात, कचेरीत, कारखान्यात काम करणाऱ्याला सराव करायला मिळायचा तो उन्हाळ्याच्या लांब संध्याकाळी. मार्चमध्ये त्याची तयारी कुठली असणार? उत्तरेकडचे आणि मिडलंड्सचे क्लब कुरकुरत होते, लंडन ॲथलेटिक क्लबही वैतागला होता. १८७९ मध्ये चक्क दोन अजिंक्यपदं झाली, एक जुन्यांचं वसंतात आणि एक लंडनवाल्यांचं उन्हाळ्यात.

मग ऑक्सफर्डचे तिघे पुढे आले: क्लेमंट जॅक्सन, माँटेग्यू शिअरमन आणि बर्नहार्ड वाइज. तिघेही विद्यापीठातलेच, हे महत्त्वाचं. वाइज मूळचा सिडनीचा. २४ एप्रिल १८८० ला ऑक्सफर्डच्या रँडॉल्फ हॉटेलमध्ये सगळ्या बाजूंची माणसं बसली आणि अमॅच्युअर ॲथलेटिक असोसिएशन उभी राहिली. तडजोड अशी: अजिंक्यपद उन्हाळ्यात, जागा पाळीपाळीने लंडन, मिडलंड्स आणि उत्तर, आणि मिस्त्री-कारागीर-मजुरांना बाहेर ठेवणारं वाक्य व्याख्येतून काढून टाकलं. ३ जुलै १८८० ला लिली ब्रिजवर पहिलं अजिंक्यपद झालं आणि मैल कोणी जिंकला असेल? वॉल्टर जॉर्जने. दार उघडल्याबरोबर औषधांच्या दुकानातला मुलगा आत आला.

पैशाचा नियम मात्र तसाच राहिला, उलट कडक झाला.

कोकणकडा

पैशावरून एक आठवलं, क्रिकेटवाल्यांना आवडेल.

इंग्लंडचा गाजलेला क्रिकेटपटू डब्ल्यू. जी. ग्रेस हा चांगला धावपटूही होता. १८६६ च्या उन्हाळ्यात, नुकती अठरा वर्षं पूर्ण झालेली, ओव्हलवर सरेविरुद्ध त्याने नाबाद २२४ केल्या. आणि सामना चालू असतानाच कर्णधाराने त्याला क्रिस्टल पॅलेसला जाऊ दिलं. तिथे राष्ट्रीय ऑलिंपियन स्पर्धा चालल्या होत्या, त्यात त्याने ४४० यार्डांची अडथळ्यांची शर्यत जिंकली.

आता हिशोब बघा. ग्रेस आयुष्यभर ‘हौशी’. खर्चाच्या नावाखाली त्याला भरपूर पैसे मिळत. १८९५ मध्ये लोकांनी त्याच्यासाठी ९,००० पौंडांहून जास्त वर्गणी जमवून दिली. आणि पुढच्याच वर्षी, १८९६ मध्ये, आल्फ्रेड डाउनर, चार्ल्स ब्रॅडली, फ्रेड बेकन अशा इंग्लंडमधल्या आघाडीच्या धावपटूंना हजेरीचे पैसे घेतले म्हणून कायमचं बाद केलं. या दोन बातम्या शेजारी शेजारी ठेवल्या की मला राग आवरत नाही. क्रिकेटमधला जंटलमन (हौशी) आणि प्लेअर्स (व्यावसायिक) हा भेद तर १९६२ पर्यंत टिकला.

माळरान

हे बरोबर आहे, कोकणकडा. इथे मी तुमच्या बाजूने. नियम असेल तर सगळ्यांना हवा. आयोजकांनी तिकिटं खपवायला धावपटूंना बोलवायचं, पाकीट द्यायचं, आणि पकडला गेला की शिक्षा फक्त धावणाऱ्याला.

गोदाकाठ

राष्ट्रीय ऑलिंपियन स्पर्धा? १८६६ मध्ये? ऑलिंपिक तर १८९६ चं ना?

कोकणकडा

त्यामागे मच वेनलॉक नावाचं श्रॉपशरमधलं एक छोटं गाव आहे आणि तिथले डॉक्टर विल्यम पेनी ब्रूक्स. त्यांनी १८५० मध्ये गावात ऑलिंपियन खेळ सुरू केले. त्यांचा रोख पहिल्यापासून गावातल्या कष्टकऱ्यांवर होता, त्यांचं शरीर-मन सुधारावं म्हणून. १८९० मध्ये आधुनिक ऑलिंपिकचे जनक कुबेर्तां स्वतः वेनलॉकला येऊन हे खेळ बघून गेले. डॉक्टर डिसेंबर १८९५ मध्ये वारले, अथेन्सच्या त्या पहिल्या ऑलिंपिकला अवघे चार महिने राहिले असताना. मला ही गोष्ट दर वेळी हळवं करते.

अथेन्सलाही तोच भेद पोहोचलाच. तिथल्या ब्रिटिश वकिलातीत काम करणारे दोन नोकर सायकल शर्यतीत उतरले होते, बॅटेल आणि कीपिंग. नोकर म्हणजे हौशी कसे, असा आक्षेप तिथल्याच काही इंग्रजांनी घेतला. तरी दोघं उतरले आणि दोघांनीही पदकाच्या जागा मिळवल्या.

उंबरठा

खूप दिवसांनी असा धागा वाचायला मिळाला. पण इतक्या प्रतिसादांत एकाही बाईचं नाव नाही. तेव्हाच्या बायका कुठे होत्या?

पाऊलवाट

तुमचा प्रश्न योग्य आहे आणि उत्तर कडवट आहे. या अजिंक्यपदांत त्यांना जागाच नव्हती. प्रेक्षकांत बसत, बक्षिसं वाटायला एखादी लेडी असे. अमेरिकेत व्हासर या मुलींच्या कॉलेजात १८९५ मध्ये मैदानी खेळांचा दिवस झाला, ही त्या काळातली एक ठळक नोंद. इंग्लंडमध्ये बायकांची स्वतःची ॲथलेटिक संघटना निघाली ती १९२२ मध्ये. १८८० ला मजुरासाठी दार उघडलं असं मी वर मोठ्या आनंदाने लिहिलं. अर्धी माणसं तेव्हाही बाहेरच होती, हे तिथेच लिहायला हवं होतं. तुम्ही लक्षात आणून दिलंत, आभार.

उंबरठा

धन्यवाद. मी शाळेत असताना चारशे मीटर धावायचे. तालुक्याला निवड झाली, पण सोबत पाठवायला बाई शिक्षिका नाही म्हणून मला नेलं नाही. शर्यत हरले असते तर विसरले असते. रेषेवर उभंच राहायला मिळालं नाही, ते अजून आठवतं. म्हणून तुमच्या जॉर्जचं मला नेमकं कळलं.

रानवारा

उंबरठा, हे वाचून गलबलून आलं.

आयर्लंडचं कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. तिकडेही ॲथलेटिक्स ‘जंटलमन’ मंडळींच्या ताब्यात होतं आणि नियम इंग्लंडचे. शेतकरी, मजूर बाहेर. मायकल क्युसॅक आणि मॉरिस डेव्हिन यांनी १ नोव्हेंबर १८८४ ला थर्ल्स गावात गेलिक ॲथलेटिक असोसिएशन काढली ती याच रागातून. आज ती हर्लिंग (काठी-चेंडूचा आयरिश खेळ) आणि गेलिक फुटबॉलसाठी ओळखली जाते, पण सुरुवातीला धावणं, उड्या, वजनफेक हेच तिचं मोठं काम होतं. डेव्हिन स्वतः नावाजलेला फेकपटू.

निळीशाई

आणि भारतात? त्या काळात आपल्याकडे काय चाललं होतं?

पाऊलवाट

थेट धागा आहे. नॉर्मन प्रिचर्ड, जन्म १८७५, कलकत्ता. सेंट झेवियर्समध्ये शिकलेला इंग्रज मुलगा. बंगालची शंभर यार्डांची शर्यत १८९४ ते १९०० सलग सात वर्षं त्याने जिंकली. १९०० मध्ये लंडनला हौशी अजिंक्यपदात उतरला, तिथून पॅरिस ऑलिंपिकला गेला आणि २०० मीटर व २०० मीटर अडथळे अशा दोन्हींत रौप्य मिळवलं. ऑलिंपिक समिती ही पदकं भारताच्या नावे धरते, इंग्लंडमध्ये त्यावर वाद घालणारे आहेत. पुढे तो नट झाला, हॉलिवूडच्या मूकपटांत काम केलं.

पण महाराष्ट्राशी जोडणारा माणूस दोराबजी टाटा. ते १८७७ ते ७९ केंब्रिजला होते, म्हणजे अगदी याच भांडणाच्या ऐन भरात. पुढे ते पुण्याच्या डेक्कन जिमखान्याचे अध्यक्ष झाले. तिथल्या स्पर्धांत अनवाणी धावणारे शेतकरी घरातले गडी त्यांनी पाहिले, त्यांचे वेळ युरोपातल्या धावपटूंच्या जवळ जातात हे त्यांच्या लक्षात आलं, आणि १९२० मध्ये अँटवर्प ऑलिंपिकला संघ गेला. बेळगावचे फडेप्पा चौगुले तिथे मॅरेथॉनमध्ये एकोणिसावे आले. सदाशिव दातारही त्याच शर्यतीत होते. केंब्रिजमध्ये शिकलेल्या माणसाने अनवाणी शेतकऱ्याला थेट ऑलिंपिकच्या रेषेवर उभं केलं. इंग्लंडच्या जुन्या क्लबाला स्वतःच्या देशातल्या शेतमजुरासाठी हे जमलं नव्हतं.

माळरान

हे माहीत नव्हतं. दोराबजींबद्दलचा आदर वाढला.

सी. बी. फ्रायचं नावही नोंदवून ठेवतो. रणजींबरोबर ससेक्सकडून खेळणारा तोच. ४ मार्च १८९३ ला ऑक्सफर्डच्या इफ्ली रोडवर त्याने २३ फूट साडेसहा इंच लांब उडी मारून जागतिक विक्रमाशी बरोबरी केली. त्याच इफ्ली रोडवर ६ मे १९५४ ला रॉजर बॅनिस्टर मैल ३ मिनिटे ५९.४ सेकंदांत धावला, चार मिनिटांच्या आत पहिल्यांदाच. आणि बॅनिस्टर ज्या एक्सेटर कॉलेजचा, त्याच कॉलेजातल्या मुलांनी १८५० मध्ये आपापसात शर्यती सुरू केल्या होत्या, विद्यापीठातल्या या सगळ्या प्रकाराची ती सुरुवात मानतात.

गोदाकाठ

पाऊलवाट, एक राहिलं. जॉर्ज दुकानात दिवसभर उभा असायचा म्हणता, मग सराव कधी करायचा?

पाऊलवाट

दुकानातच. त्याची ‘हंड्रेड-अप’ नावाची कसरत प्रसिद्ध आहे. कामाचे तास लांब, मैदानावर जायला वेळ नाही, म्हणून त्याने जागच्या जागी धावणं बसवलं. जमिनीवर दोन समांतर रेघा, मधे साधारण वीतभर अंतर, एकेका रेघेवर एकेक पाऊल. एक गुडघा कमरेइतका वर, पाऊल परत त्याच रेघेवर. मग दुसरा. असं शंभरदा. पहिली पायरी सावकाश. ती चवड्यावर, ताठ अंगाने, रेघ न सोडता जमली की दुसरी पायरी, तीच कसरत धावण्याच्या वेगाने. अट एकच, गुडघा पुरता वर येईना किंवा पाऊल रेघेवरून हललं की थांबायचं आणि तेवढाच आकडा धरायचा.

उंबरठा

आज पहाटे गच्चीवर खडूने दोन रेघा ओढल्या. सावकाशच केलं, पहिली पायरी. बत्तीसला डावं पाऊल रेघेबाहेर गेलं, तिथे थांबले. लेक जिन्यात उभी राहून मोजत होती. नंतर तिनेही केलं. ती एकेचाळीसपर्यंत गेली. रेघा पुसू नको म्हणाली.